स्वामी रामानंद तीर्थ : संस्थानातून प्रजासत्ताकात नेणारे शिक्षक



तुमच्या घरात कुणी ताई किंवा दादा पदवीधर असेल, तर त्यांचं प्रमाणपत्र एकदा हातात घेऊन बघा. आपल्या मानवतचं कॉलेज असो की परभणीचं, गेल्या काही वर्षांतलं प्रमाणपत्र असेल तर त्यावर विद्यापीठाचं नाव दिसेल : स्वामी रामानंद तीर्थ मराठवाडा विद्यापीठ, नांदेड. हे नाव आपण इतक्यांदा वाचतो की ते कुणाचं आहे हे विचारायचंच राहून जातं. विद्यापीठ सुरू झालं तो दिवस होता १७ सप्टेंबर १९९४. दर १७ सप्टेंबरला सकाळी आपण शाळेत झेंडावंदनाला जमतो. झेंडावंदन तर १५ ऑगस्टला झालेलं असतं, मग महिनाभरात पुन्हा का? आजचा पाठ या दोन प्रश्नांचा आहे. दोन्हींचं उत्तर एका माणसाच्या आयुष्यात सापडतं.

आपण कोणाच्या राज्यात होतो?

आधी थोडी पार्श्वभूमी समजून घ्या. १९४७ पूर्वी पुणे, सोलापूर, नाशिक हे भाग थेट इंग्रजांच्या अमलाखाली होते. आपलं मानवत मात्र हैदराबाद संस्थानात होतं. तेव्हा ते पाथरी तालुक्यातलं गाव. संस्थानाचे राजे सातवे निजाम मीर उस्मान अली खान. त्यांच्या डोक्यावर इंग्रज होतेच. हैदराबादेत इंग्रजांचा रेसिडेंट बसायचा. म्हणजे आपली गुलामी दुहेरी होती.

संस्थान लहान नव्हतं. एकूण १६ जिल्हे. त्यांत मराठी जिल्हे ५ : औरंगाबाद, परभणी, नांदेड, बीड आणि उस्मानाबाद. तेलुगू जिल्हे ८ आणि कानडी ३. १९४१ च्या जनगणनेत लोकसंख्या एक कोटी त्रेसष्ट लाखांच्या आसपास भरली. संस्थानाचं सैन्य, टपाल, रेल्वे आणि नाणं वेगळं होतं. घरातल्या म्हाताऱ्या माणसांकडून ‘हाली’ आणि ‘कलदार’ रुपयांच्या गोष्टी तुम्ही ऐकल्या असतील. हाली म्हणजे निजामाचा रुपया आणि कलदार म्हणजे इंग्रजांचा. बाजारात तेलुगू, मराठी, कानडी बोलली जायची, पण कचेरीची भाषा उर्दू आणि वरच्या शिक्षणाचं माध्यमही उर्दूच. सभा घ्यायची तर आधी सरकारची परवानगी काढावी लागे. त्या हुकमाला लोक ‘गश्ती निशाण ५३’ म्हणत. खासगी शाळा काढायलाही परवानगी हवी. लोकांनी निवडलेलं सरकार ही कल्पनाच नव्हती.

अशा राज्यात लोक जागे कसे होणार? सभा नाही, आपल्या भाषेची शाळा दुर्मिळ, वर्तमानपत्रांवर नजर. इथेच एका शिक्षकाची गोष्ट सुरू होते.

व्यंकटेश खेडगीकर

स्वामीजींचं मूळ नाव व्यंकटेश खेडगीकर. जन्म ३ ऑक्टोबर १९०३, गाव सिंदगी. हे गाव आज कर्नाटकात, विजापूर जिल्ह्यात आहे. शिक्षण मात्र सोलापुरात झालं. १९२० मध्ये लोकमान्य टिळक गेले तेव्हा व्यंकटेश सतरा वर्षांचाही झाला नव्हता. त्या वयात त्याने आजन्म अविवाहित राहून देशाचं काम करायचं ठरवलं. वयाच्या मानाने हा निश्चय फार मोठा होता. अनेक जण असे निश्चय करतात आणि विसरतात. व्यंकटेश विसरला नाही.

गांधीजींच्या असहकार चळवळीत त्याने सरकारी शिक्षण सोडलं. पुढचं शिक्षण अमळनेर आणि पुण्याच्या टिळक महाराष्ट्र विद्यापीठात, म्हणजे राष्ट्रीय शिक्षणाच्या संस्थांत घेतलं. मग कामगार नेते ना. म. जोशी यांच्याबरोबर काम केलं. कामगारांचे प्रश्न जवळून बघितले. गरिबाच्या पोटाचा प्रश्न सुटल्याशिवाय स्वातंत्र्याला अर्थ नाही, हा विचार त्यांच्या मनात तिथून पक्का झाला असावा, कारण पुढे आयुष्यभर तो त्यांच्या कामात दिसतो.

हिप्परगा आणि अंबाजोगाई

१९२९ मध्ये ते निजामाच्या राज्यात आले. कशासाठी? शाळेत शिकवण्यासाठी. उस्मानाबाद जिल्ह्यातल्या हिप्परगा या खेड्यात १९२१ पासून एक राष्ट्रीय शाळा चालत होती. व्यंकटेशराव तिथे मुख्याध्यापक झाले. १४ जानेवारी १९३० रोजी त्यांनी संन्यास घेतला आणि स्वामी रामानंद तीर्थ झाले. भगवी वस्त्रं आली, पण ते हिमालयात गेले नाहीत की मठ बांधून बसले नाहीत. दुसऱ्या दिवशीही शाळा होतीच!

१९३५ मध्ये ते आणि त्यांचे सहकारी मोमिनाबादला, म्हणजे आजच्या अंबाजोगाईला आले. तिथे योगेश्वरी नूतन विद्यालय उभं राहिलं. बाबासाहेब परांजपे यांच्यासारखे सोबती बरोबर होते. हे सगळे शिक्षक तुटपुंज्या पैशात राहायचे, मुलांबरोबर जेवायचे, मुलांबरोबर सूत कातायचे. वर्गात इतिहास शिकवताना मुलांच्या मनात प्रश्न उभा राहायचा : बाकीच्या देशात चळवळ चालू आहे, आपल्याकडे काय? सरकारला या शाळांची भीती का वाटायची, हे आता तुमच्या लक्षात येईल.

परतूरपासून तुरुंगापर्यंत

मानवत रोड स्टेशनवरून जालन्याच्या दिशेने गाडीत बसलात की सेलू लागतं आणि त्यापुढे परतूर. परतूर तेव्हा परभणी जिल्ह्यातच होतं. तिथे १९३७ मध्ये महाराष्ट्र परिषदेचं पहिलं अधिवेशन भरलं. अध्यक्ष होते गोविंदराव नानल. संस्थानातल्या मराठी लोकांची ही संघटना. तेलुगू लोकांची आंध्र महासभा होती, कानडी लोकांची कर्नाटक परिषद होती. पुढच्याच वर्षी, १९३८ मध्ये, लातूरला दुसरं अधिवेशन झालं आणि स्वामीजी परिषदेचे सरचिटणीस झाले. शाळेची नोकरी सुटली ती कायमची.

त्याच वर्षी तिन्ही भाषांच्या लोकांनी मिळून हैदराबाद स्टेट काँग्रेस स्थापन करायचं ठरवलं. सरकारने काय केलं असेल? संघटना रीतसर सुरू होण्याआधीच तिच्यावर बंदी घातली! मूल जन्मायच्या आधीच त्याला गावबंदी करावी तसा हा प्रकार. मग ऑक्टोबर १९३८ मध्ये सत्याग्रह सुरू झाला. स्वामीजींनी सत्याग्रह केला, पकडले गेले आणि दीड वर्षाची शिक्षा झाली. याच सुमारास वसतिगृहात वंदे मातरम् म्हटलं म्हणून औरंगाबाद आणि हैदराबादच्या कॉलेजांतून शेकडो मुलांना बाहेर पडावं लागलं. त्यांतली कितीतरी मुलं नागपूरला जाऊन शिकली. त्यांतला एक तेलुगू मुलगा पुढे भारताचा पंतप्रधान झाला, पी. व्ही. नरसिंह राव. ते स्वामीजींना आपले गुरू मानत.

१९४० मध्ये मोजक्या साथीदारांसह स्वामीजींनी वैयक्तिक सत्याग्रह केला. पुन्हा तुरुंग. १९४२ च्या चळवळीत पुन्हा तुरुंग. स्टेट काँग्रेसवरची बंदी उठायला १९४६ साल उजाडलं. तोपर्यंत आठ वर्षं गेली होती. त्याच वर्षी स्वामीजी स्टेट काँग्रेसचे अध्यक्ष झाले.

तेरा महिने आणि दोन दिवस

आता मन लावून वाचा. जून १९४७ मध्ये निजामाने जाहीर केलं की इंग्रज गेले की हैदराबाद स्वतंत्र राष्ट्र होणार, भारतात सामील होणार नाही. त्याच महिन्यात हैदराबादेत मुशीराबादच्या मैदानावर स्टेट काँग्रेसचं पहिलं खुलं अधिवेशन भरलं. स्वामीजींची भूमिका सरळ होती. हैदराबाद भारतात सामील झालं पाहिजे आणि इथे लोकांचं जबाबदार सरकार आलं पाहिजे. यांतली एकच गोष्ट मिळाली तर तो सौदा त्यांना मान्य नव्हता. ७ ऑगस्टला संस्थानभर ‘भारतात सामील व्हा’ दिन पाळला गेला.

१५ ऑगस्ट १९४७. दिल्लीत, मुंबईत, सोलापुरात तिरंगा फडकत होता. आपल्याकडे तो फडकवणं हा गुन्हा होता. त्या दिवशी स्वामीजींना अटक झाली. देश स्वतंत्र झाला त्या दिवशी आपला नेता कोठडीत होता, हे लक्षात ठेवा.

नोव्हेंबर १९४७ मध्ये भारत सरकार आणि निजाम यांच्यात एक वर्षासाठी ‘जैसे थे’ करार झाला. स्वामीजी सुटले, पण जानेवारी १९४८ मध्ये पुन्हा तुरुंगात गेले. बाहेर रझाकारांचा धुमाकूळ सुरू होता. त्यांचा नेता कासिम रझवी हा लातूरचा वकील. गावं लुटली जात होती, जाळली जात होती. हजारो कुटुंबं सरहद्द ओलांडून विदर्भात आणि सोलापूरकडे गेली. त्याआधीच, १९४६ मध्ये, नांदेड जिल्ह्यात अर्जापूरजवळ गोविंदराव पानसरे यांची हत्या झाली होती. वापटीचे बहिर्जी शिंदे लढताना हुतात्मा झाले. वापटी तेव्हा आपल्याच परभणी जिल्ह्यात होतं.

नेता तुरुंगात असताना लढा थांबला का? नाही. दिगंबरराव बिंदू यांच्या नेतृत्वाखाली कृती समिती काम करत होती. गोविंदभाई श्रॉफ, अनंत भालेराव, बाबासाहेब परांजपे असे कितीतरी कार्यकर्ते झटत होते. उमरखेड, मनमाड, बार्शी अशा सरहद्दीच्या भागांत शिबिरं उघडली. तिथून रात्री निघून करोडगिरी नाके जाळायचे, शिंदीची झाडं तोडायची आणि सरकारचं उत्पन्न बंद पाडायचं, असा तो लढा. वीस वर्षं शाळांतून आणि परिषदांतून जी माणसं घडली होती, ती आता नेत्याशिवायही उभी राहिली. शिक्षकाचं काम खरं उतरलं की नाही, हे तो वर्गात नसतानाच कळतं.

१३ सप्टेंबर १९४८ रोजी भारतीय सैन्य चारी बाजूंनी संस्थानात शिरलं. आपण याला पोलीस कारवाई म्हणतो. पाच दिवसांत सगळं संपलं. १७ सप्टेंबरला निजामाने शरणागती पत्करली. दुसऱ्या दिवशी त्यांचे सेनापती एल एद्रूस यांनी जनरल जयंतनाथ चौधरी यांच्यापुढे शस्त्रं ठेवली. स्वामीजी सुटले. १५ ऑगस्ट १९४७ पासून मोजा : तेरा महिने आणि दोन दिवस. १७ सप्टेंबरच्या झेंडावंदनाचं कारण हे आहे.

लढा कोणाविरुद्ध होता?

इथे एक गोष्ट स्पष्ट करायला हवी, कारण यावर चुकीचं पुष्कळ बोललं जातं. राजा मुसलमान आणि बहुसंख्य प्रजा हिंदू, म्हणून हा दोन धर्मांचा लढा होता असं काहींना वाटतं. स्वामीजी स्वतः संन्यासी होते, तरी त्यांनी हा लढा धर्माचा होऊ दिला नाही. तो राजेशाहीविरुद्ध लोकशाहीचा लढा होता. शोएबुल्ला खान हे नाव लक्षात ठेवा. ‘इमरोज’ या उर्दू वर्तमानपत्राचे ते तरुण संपादक. हैदराबादने भारतात सामील व्हावं असं त्यांनी लिहिलं, म्हणून ऑगस्ट १९४८ मध्ये रझाकारांनी त्यांची हत्या केली.

आणि दुसरी बाजूही सांगितली पाहिजे. पोलीस कारवाईनंतर मराठवाड्यात आणि शेजारच्या जिल्ह्यांत अनेक ठिकाणी निरपराध मुसलमानांवर सूड उगवला गेला. पंडित नेहरूंनी चौकशीसाठी पंडित सुंदरलाल यांची समिती पाठवली होती. विजयाचा इतिहास शिकताना हे पान गाळून चालत नाही. रझाकारांनी मारलेला माणूस आणि सूडात मारला गेलेला माणूस, दोघेही आपल्याच मातीतले.

मुक्ती मिळाली, पण राज्य लोकांचं कधी झालं?

आता एक छोटी सफर करू. २९ जून २०२४ ला भारताने टी-ट्वेंटी विश्वचषक जिंकला, ते मैदान आठवतं? ब्रिजटाऊन, बार्बाडोस. महान क्रिकेटपटू गारफिल्ड सोबर्सचा हा देश, कॅरिबियन समुद्राकडचं एक छोटं बेट. ३० नोव्हेंबर १९६६ रोजी ते इंग्रजांपासून स्वतंत्र झालं. पण देशाच्या सर्वोच्च पदावर नाव राहिलं इंग्लंडच्या राणीचंच! ते बदलायला ५५ वर्षं लागली. ३० नोव्हेंबर २०२१ ला बार्बाडोस प्रजासत्ताक झाला आणि सँड्रा मेसन पहिल्या राष्ट्राध्यक्ष झाल्या. स्वतंत्र होणं आणि प्रजासत्ताक होणं या दोन वेगळ्या पायऱ्या आहेत, हे या बेटाकडे बघून पटकन कळतं.

आपलंही काहीसं असंच झालं. १७ सप्टेंबरनंतर आधी लष्करी राज्यपाल म्हणून जनरल चौधरी आले. १९४९ मध्ये जहागिरदारी संपली. नोव्हेंबर १९४९ मध्ये निजामाने भारताची राज्यघटना मान्य केल्याचं फर्मान काढलं. २६ जानेवारी १९५० ला देश प्रजासत्ताक झाला, हैदराबाद त्याचं एक राज्य झालं आणि त्या राज्याचे राजप्रमुख झाले मीर उस्मान अली खान! हो, तेच निजाम. सत्ता घटनेची, पण वरचं नाव जुनंच. मुख्यमंत्री एम. के. वेल्लोडी हे सरकारने नेमलेले अधिकारी होते. १९५२ मध्ये पहिल्या निवडणुका झाल्या, तेव्हा कुठे लोकांच्या मतांचं सरकार आलं. बी. रामकृष्ण राव मुख्यमंत्री झाले.

तुम्ही विचाराल, स्वामीजी का नाही झाले? मुक्तिसंग्रामाचे सर्वांत मोठे नेते तर तेच होते. त्यांनी राज्यातली सत्ता घेतली नाही. ते गुलबर्ग्यातून लोकसभेवर गेले आणि १९५७ मध्ये औरंगाबादमधून. मात्र त्यांनी जी मागणी लावून धरली, ती बघा. हैदराबाद राज्य मोडा, त्याचे तीन भाषांप्रमाणे भाग करा, असं ते सांगत राहिले. मराठी भाग महाराष्ट्रात, तेलुगू भाग आंध्रात, कानडी भाग कर्नाटकात.

जरा थांबून विचार करा. जन्म कानडी मुलखातला, कर्मभूमी मराठवाडा, राहणं हैदराबादेत. तिन्ही भाषांचे लोक त्यांना आपलं मानत. हे राज्य टिकलं असतं तर त्यांच्या इतका मोठा नेता तिथे दुसरा नव्हता. राज्य मोडलं की त्यांचा स्वतःचा राजकीय पायाच जाणार होता. हे त्यांना कळत नव्हतं असं नाही. पण माणसाचा कारभार त्याच्या भाषेत चालला तरच तो त्याचा कारभार, ही गोष्ट त्यांना हिप्परग्याच्या शाळेपासून ठाऊक होती. कचेरीतला कागद वाचता येत नाही म्हणून शेतकरी कसा नाडला जातो, हे त्यांनी पाहिलं होतं. म्हणून स्वतःचं नुकसान पत्करून ते या मागणीवर ठाम राहिले.

१ नोव्हेंबर १९५६ ला हैदराबाद राज्य संपलं. राजप्रमुखपद गेलं. त्या दिवशी पहिल्यांदा मानवतच्या कारभारावर निजामाचं नाव कुठेच उरलं नाही. मराठवाडा आधी मुंबई द्विभाषिक राज्यात गेला आणि १ मे १९६० पासून महाराष्ट्रात आला.

शेवटची वर्षं

पुढे स्वामीजी सत्तेच्या राजकारणातून बाजूला झाले, पण शिक्षण आणि खादी सोडली नाही. नांदेडचं पीपल्स कॉलेज १९५० मध्ये सुरू झालं, त्यामागे ते होते. नांदेडची मराठवाडा खादी ग्रामोद्योग समिती स्वामीजी आणि गोविंदभाई यांच्या पुढाकारातून उभी राहिली. आज ही समिती राष्ट्रध्वज तयार करते. ज्या मुलखात तिरंगा फडकवणं गुन्हा होता, तिथेच आता तो शिवला जातो.

२२ जानेवारी १९७२ रोजी हैदराबादेत स्वामीजींचं निधन झालं. तिथे बेगमपेठ भागात त्यांची समाधी आहे. अंबाजोगाईचं शासकीय वैद्यकीय महाविद्यालय आणि आपलं विद्यापीठ त्यांचं नाव चालवतात. मालमत्ता म्हणावी असं त्यांनी मागे काही ठेवलं नाही.

मित्रांनो, पाठ संपवताना एवढंच सांगते. १७ सप्टेंबर हा एका दिवसाचा विजय वाटतो, पण परतूरपासून मोजलं तर आपली वाट १९३७ पासून १९५६ पर्यंत, म्हणजे एकोणीस वर्षांची आहे. ती एका शाळेतून निघाली. पुढच्या झेंडावंदनाला रांगेत उभे राहाल तेव्हा, १५ ऑगस्टला कोठडीत बसलेल्या त्या मास्तरांची आठवण ठेवा.

लक्षात ठेवा

- ३ ऑक्टोबर १९०३ : सिंदगी येथे जन्म
- १४ जानेवारी १९३० : संन्यास
- १९३७ : परतूर येथे महाराष्ट्र परिषदेचं पहिलं अधिवेशन
- १७ सप्टेंबर १९४८ : मराठवाडा मुक्त
- २६ जानेवारी १९५० : भारत प्रजासत्ताक, निजाम राजप्रमुख
- १ नोव्हेंबर १९५६ : हैदराबाद राज्याचा शेवट
- १ मे १९६० : महाराष्ट्र राज्याची स्थापना
- २२ जानेवारी १९७२ : निधन

तुमच्यासाठी काम

१. आपल्या घरातल्या किंवा गल्लीतल्या सर्वांत वयस्कर व्यक्तीला विचारा : रझाकारांच्या काळात त्यांच्या घरचे लोक कुठे गेले होते? ऐकलेलं वहीत दहा ओळींत लिहा.

२. मुक्ती आणि प्रजासत्ताक यांत फरक काय? मराठवाडा आणि बार्बाडोस ही उदाहरणं घेऊन पाच वाक्यांत सांगा.

३. हैदराबाद राज्य मोडावं असं स्वामीजी का म्हणत होते? तुम्ही त्यांच्या जागी असता तर काय केलं असतं?